विकलांग पात्र आणि धडधाकट नट : गोव्यातल्या आपल्या नाटकांत हे कधी बदलणार?

तिसरी घंटा (फोंडा)

पावसाळा ओसरू लागला की गोव्यातली हौशी मंडळे संहितांच्या मागे लागतात. कोणाला कला अकादमीच्या मराठी नाट्यस्पर्धेत उतरायचे असते, तर कोणाला जत्रेच्या रात्री देवळासमोर नाटक उभे करायचे असते. आमच्या मंडळात सध्या ज्या संहितेचे वाचन चालू आहे, तिच्यातल्या धाकट्या बहिणीला सेरेब्रल पाल्सी आहे, म्हणजे मेंदूला झालेल्या इजेमुळे स्नायूंवर पुरता ताबा राहत नाही. तिचे हात थरथरतात, बोलणे अडखळत येते आणि नाटकातले सगळ्यांत तिखट संवाद तिच्याच तोंडी आहेत. पात्रनिवडीचा विषय निघताच एका ज्येष्ठ सभासदांनी आमच्यातल्या एका गुणी अभिनेत्रीकडे बोट दाखवले आणि म्हणाले, "हिला हात वाकडा करून काम करू द्या, अभिनयाचे पारितोषिक घरात आले म्हणून समजा." ते थट्टेने बोलले नव्हते. अनेक स्पर्धा पाहिलेल्या माणसाचा तो हिशेब होता आणि हिशेब म्हणून तो बहुधा बरोबरही आहे.

या हिशेबाविरुद्ध जाहीरपणे, आणि मुख्य म्हणजे हसवत हसवत, भांडत आलेल्या एका अभिनेत्रीविषयी येथे लिहावेसे वाटते. मेसून झाएद ही अमेरिकेत न्यू जर्सीत वाढलेली पॅलेस्टिनी वंशाची विनोदकार आणि अभिनेत्री आहे. तिला स्वतःला सेरेब्रल पाल्सी आहे. फिजिओथेरपीचा खर्च परवडत नव्हता म्हणून घरच्यांनी तिला टॅप नृत्याच्या वर्गाला घातले, आणि वडिलांनी आपल्या पावलांवर तिच्या टाचा ठेवून पाचव्या वर्षी तिला चालायला शिकवले, हे ती रंगमंचावरूनच सांगते. डिसेंबर २०१३ मध्ये 'टेड' या व्याख्यानमालेच्या टेडविमेन कार्यक्रमात तिने दिलेले व्याख्यान जगभर पाहिले गेले. दुःखितांचे ऑलिंपिक भरले तर सुवर्णपदक माझेच, कारण मी पॅलेस्टिनी आहे, मुसलमान आहे, स्त्री आहे, विकलांग आहे आणि शिवाय न्यू जर्सीत राहते, अशा अर्थाचा विनोद तिने त्यात केला होता.

त्याच व्याख्यानात तिने ॲरिझोना स्टेट विद्यापीठातल्या शिक्षणकाळातला एक प्रसंग सांगितला आहे. तेथे सेरेब्रल पाल्सी असलेल्या नायिकेचे एक नाटक बसवायला घेतले होते. ही भूमिका आपल्यासाठीच जन्माला आली आहे, अशी तिची खात्री होती. पण भूमिका दुसरीला मिळाली. कारण विचारल्यावर, त्यातल्या कसरती तुला जमणार नाहीत, असे उत्तर आले. तिचे म्हणणे असे की, मला ज्या जमत नाहीत त्या त्या पात्राला तरी कशा जमतील? इतके साधे तर्कशास्त्र त्या निवड करणाऱ्यांना सुचले नव्हते. आपल्यासारख्यांना अभिनेत्री म्हणून कोणी उभे करत नाही, हे ओळखून ती स्टँडअपकडे वळली आणि २००३ साली तिने डीन ओबेदल्ला यांच्यासह न्यूयॉर्क अरब अमेरिकन कॉमेडी फेस्टिव्हल सुरू केला. २०१९ साली 'जनरल हॉस्पिटल' या जुन्या अमेरिकी मालिकेत तिला वकिलाची भूमिका मिळाली. तिच्या मागणीचे सार दोन वाक्यांत सांगता येईल : विकलांग पात्राची भूमिका विकलांग कलाकाराला मिळावी, आणि इतर भूमिकांसाठीही त्याचा विचार व्हावा. ही मागणी अवाजवी वाटत असेल तर एक आकडा पाहा. रुडरमन फॅमिली फाउंडेशनने २०१६ साली अमेरिकी दूरचित्रवाणीची पाहणी केली, तेव्हा विकलांग पात्रांपैकी ९५ टक्क्यांहून अधिक पात्रे धडधाकट नट करत असल्याचे आढळले.

आपल्याकडचे चित्र वेगळे नाही. 'चौकट राजा'मधले (१९९१) दिलीप प्रभावळकरांचे काम मराठी माणूस विसरणार नाही, आणि ते विसरावे असे माझे म्हणणेही नाही. परंतु अशा भूमिकेतून नावारूपाला आलेला विकलांग नट आठवायला बसलो तर बोटे मुडपावी लागत नाहीत. जानेवारी २०२३ मध्ये पणजीत पहिला पर्पल फेस्ट झाला आणि तेव्हापासून त्या उत्सवात देशभरातले विकलांग कलाकार आपण पाहतो, टाळ्या वाजवतो. तो मांडव उतरला की आपल्या तालमींच्या खोलीत त्यांच्यापैकी कोण येतो? आमच्या संहितेतल्या बहिणीसाठी काय करावे, याविषयी मते हवी आहेत.

विंगेतून (म्हापसा)

विषय चांगला आहे, पण मला मूळ मुद्दाच मान्य नाही. परकायाप्रवेश हा अभिनयाचा प्राण आहे. खून न करता खुनी रंगवता येतो, राजवाडा न पाहता राजा होता येते. आपल्या रंगभूमीवर बालगंधर्वांनी स्त्रीभूमिका अशा केल्या की घरंदाज स्त्रिया त्यांच्यासारखे लुगडे नेसू लागल्या, आणि दशावतारात आजही पुरुषच राणी होतो. ज्याचे दुःख त्यानेच मांडावे असा नियम झाला तर नटाचे काम साक्षीदाराचे होईल. शिवाय स्पर्धेची तारीख ठरलेली असते. मंडळाने नट शोधायचा की चळवळ चालवायची?

बांदिवड्याची

विंगेतून, स्त्रीपार्टाचे उदाहरण तुम्ही काढलेत हे बरे झाले, कारण ते तुमच्याच विरुद्ध जाते. बालगंधर्वांची थोरवी कोणी नाकारत नाही. परंतु पुरुषाने स्त्री होण्याची ती परंपरा कलेच्या गरजेतून आलेली नव्हती. कुलीन स्त्रीने रंगमंचावर पाऊल ठेवणे समाजाला मंजूर नव्हते, म्हणून ती आली. १९३३ साली नाट्यमन्वंतर या नाट्यसंस्थेने 'आंधळ्यांची शाळा' रंगमंचावर आणले आणि त्यात स्त्रियांच्या भूमिका स्त्रियांनी केल्या. त्यांतल्या ज्योत्स्ना भोळे आमच्या बांदिवड्याच्या. (नाटकाच्या नावात आंधळे असले तरी त्याचा विषय स्त्रीपुरुषांच्या नीतीचा आहे, व्यंगाचा उपयोग रूपकापुरता करण्याची आपली सवय जुनी आहे.) त्यानंतर आपल्या नाटकातली स्त्री बदलली. तिचे बसणे, उठणे, रागावणे बदलले, आणि लेखकही तिच्यासाठी वेगळे लिहू लागले.

विकलांग पात्रांचे तसेच आहे. धडधाकट नट व्यंगाचे निरीक्षण करून ते उभे करतो, त्यामुळे त्याचे सगळे लक्ष व्यंगावरच राहते. ज्याला ते जन्माचे आहे त्याचे लक्ष त्या प्रसंगात समोरच्या पात्राला काय सुनवायचे आहे यावर असते. प्रेक्षक म्हणून मला दुसरा नट पाहायचा आहे.

अबोली (मडगाव)

मी सेरेब्रल पाल्सीसह जगते, व्हीलचेअर वापरते आणि कार्यक्रमांचे निवेदन करते. कोणी संधी दिली तर नाटकात कामही करते, म्हणून थोडे विस्ताराने लिहिते.

वर्षभरापूर्वी एका मोठ्या नाट्यगृहात माझा छोटा प्रवेश होता. प्रेक्षागृहात जायला उत्तम रॅम्प होता, पुढच्या रांगेत व्हीलचेअरसाठी मोकळी जागा होती, स्वच्छतागृहही रुंद दाराचे होते. रंगपटातून विंगेत जायला मात्र पायऱ्या होत्या. इमारत बांधणाऱ्यांच्या मनात माझी जागा प्रेक्षकांत निश्चित होती. मी रंगमंचाकडून येईन हे त्यांच्या ध्यानीमनीही नव्हते. चौघांनी मला खुर्चीसकट उचलले. उचलताना साडीचा काठ पुढच्या छोट्या चाकात अडकला आणि तो सोडवेपर्यंत माझ्या प्रवेशाचे संगीत वाजून संपले.

पुढचे त्याहून वाईट होते. पहिल्या रांगांतल्या लोकांना ती उचलाउचल दिसली आणि मी रंगमंचावर पोहोचताच त्यांनी टाळ्यांचा कडकडाट केला. माझे पहिले वाक्य विनोदी होते. विनोदाच्या आधीच टाळी पडली की त्या विनोदाचे काही खरे नसते, कारण ज्यांनी आताच हळवे होऊन टाळी वाजवली ते लगेच हसायला बिचकतात. सभागृहातली पहिली काही मिनिटे त्यांना 'हसले तरी चालते' हे पटवण्यात जातात. झाएद रंगमंचावर येताच आपल्या थरथरण्यावर बोलते त्यामागे हे व्यावसायिक कारणही आहे, असे मला वाटते : प्रेक्षकांच्या मनातला संकोच आधी मोडायचा आणि मग खरा कार्यक्रम सुरू करायचा. ऑस्ट्रेलियाच्या स्टेला यंग या दिवंगत विनोदकार बाईंनी २०१४ साली सिडनीच्या टेडएक्स व्याख्यानात याच कौतुकावर कोरडे ओढले होते. सकाळी उठून स्वतःचे नाव आठवले एवढ्यासाठीही आमचे कौतुक व्हावे इतक्या कमी अपेक्षा लोक आमच्याकडून ठेवतात, असा त्यांचा रोख होता.

पायऱ्यांची गोष्ट गोव्यापुरती नाही. २०१९ साली अली स्ट्रोकर ही अमेरिकी रंगभूमीचा मानाचा टोनी पुरस्कार मिळवणारी पहिली व्हीलचेअरवरची अभिनेत्री ठरली. न्यूयॉर्कच्या रेडिओ सिटी म्युझिक हॉलमध्ये प्रेक्षागृहातून रंगमंचावर जायला रॅम्प नव्हता, त्यामुळे नाव पुकारले जाण्याआधी तिला मागच्या बाजूला थांबून राहावे लागले. नंतर पत्रकारांशी बोलताना तिने मागणी केली ती रंगमंचामागची बाजू विकलांग कलाकारांसाठी सुगम करण्याची. प्रेक्षकांची सोय बहुतेक ठिकाणी झालेली असते, हे तिलाही ठाऊक होते.

विंगेतून, नट शोधायचा की चळवळ चालवायची, असे तुम्ही विचारलेत. आम्हाला शोधायला फार लांब जावे लागत नाही. तालमीच्या खोलीला पायऱ्या किती आहेत ते जाहिरातीत लिहा; कोण येऊ शकेल ते आमचे आम्ही ठरवू.

पेटीमास्तर (डिचोली)

नाट्यगृहांचे झाले, आता आमच्या देवळासमोरच्या रंगमंचाचे सांगतो, कारण गोव्यातले निम्मे नाटक तेथेच घडते. तात्पुरता मंच साधारण तीन फूट उंच असतो. रॅम्पचे सर्वमान्य प्रमाण एकास बारा, म्हणजे एक फूट चढायला बारा फूट लांबी. तीन फुटांना छत्तीस फूट झाले. एवढी जागा आमच्या देवळाच्या आवारात काढली तर खाज्याची दुकाने रस्त्यावर जातील आणि जत्राच मोडेल. टेंपोतून नेपथ्य चढवायला फळी टाकतो खरी, पण तिच्या चढावर माणसाची खुर्ची ढकलणे हा जिवाशी खेळ आहे.

यावर उपाय दोन आहेत आणि दोन्ही करून पाहिलेले आहेत. मंच दीड फुटाचा केला आणि प्रेक्षकांच्या पहिल्या काही रांगा जाजमावर बसवल्या, तर रॅम्प अठरा फुटांत भागतो, शिवाय विंगेच्या मागे काटकोनात वळवता येतो. फक्त वळणावर खुर्ची फिरेल एवढा सपाट चौथरा ठेवावा लागतो. दुसरा उपाय म्हणजे ज्या देवळात सभामंडप जमिनीच्या पातळीवर आहे तेथे नाटक मंडपातच करायचे. प्रकाशयोजनावाले कुरकुर करतात, पण करतात.

दृष्टिहीन कलाकारांसाठी तर लाकूडकामही लागत नाही. स्वागत थोरात यांनी दिग्दर्शित केलेल्या 'अपूर्व मेघदूत'मध्ये सगळे कलाकार अंध होते, आणि हे मराठी नाटकच आहे. याच थोरातांनी २००८ साली 'स्पर्शज्ञान' हे मराठी ब्रेल पाक्षिक सुरू केले. मी स्वतः एका दृष्टिहीन तबलजीबरोबर पेटीची साथ करत आलो आहे. संगीतात त्याला कोणी सवलत मागायला लावत नाही, कारण तेथे कान पुरतात हे सर्वांना पटलेले आहे. नाटकाबाबत अजून पटलेले नाही, इतकेच.

सनद (पणजी)

कायद्याची बाजू राहून गेली आहे. दिव्यांग व्यक्तींचे हक्क अधिनियम, २०१६ याच्या कलम २९ मध्ये संस्कृती आणि मनोरंजनाचा स्वतंत्र विचार आहे. विकलांग कलाकार आणि लेखकांना सुविधा, साहाय्य व प्रायोजकत्व द्यावे, आणि कला व सांस्कृतिक विषयांचे अभ्यासक्रम त्यांना सहभागी होता येईल अशा रीतीने नव्याने आखावेत, असे त्यात म्हटले आहे. आरक्षणाच्या टक्केवारीची चर्चा सर्वत्र होते. हे कलम मात्र नाट्यक्षेत्रातल्या माणसांनाही सहसा माहीत नसते. मंडळांनी आणि स्पर्धकांनी अर्ज करताना त्याचा हवाला द्यायला हवा.

विनोदाविषयी सर्वोच्च न्यायालयाचा ८ जुलै २०२४ चा निकालही वाचण्यासारखा आहे. 'आंख मिचोली' या हिंदी चित्रपटात विस्मरण झालेल्या बापाला 'भुलक्कड बाप', ऐकू न येणाऱ्याला 'साउंडप्रूफ सिस्टीम' आणि अडखळत बोलणाऱ्याला 'अटकी हुई कॅसेट' म्हटले होते. निपुण मल्होत्रा यांच्या याचिकेवर सरन्यायाधीश चंद्रचूड यांच्या खंडपीठाने चित्रपटावर बंदी घातली नाही. मात्र विकलांगतेची समज वाढवणारा विनोद आणि विकलांग माणसाला हिणवणारा विनोद यांत स्पष्ट भेद केला, आणि असे चित्रण करताना संबंधितांचा सहभाग घ्यावा असे सांगितले. आपल्या उत्सवी प्रहसनांतला तोतरा नोकर आणि बहिरा सासरा या भेदाच्या कोणत्या बाजूला पडतात, हे प्रत्येक लेखकाने स्वतःशी ताडून पाहावे. मुंबईच्या निधी गोयल यांची दृष्टी किशोरवयात जाऊ लागली. आज त्या स्वतःच्या अंधत्वावर स्टँडअप करतात आणि २०१७ पासून 'रायझिंग फ्लेम' ही संस्था चालवतात. त्यांच्या विनोदात हशा पिकतो तो डोळस माणसांच्या आगाऊपणावर.

विंगेतून (म्हापसा)

बांदिवड्याची यांचा स्त्रीपार्टाचा मुद्दा बिनतोड आहे, त्यावर मी आणखी वाद घालत नाही. पण मी परीक्षक म्हणूनही बसलो आहे, तेव्हा एक अडचण मांडतो आणि तिचे उत्तर मला खरोखरच हवे आहे. परीक्षकाच्या मनात वाचिक अभिनयाची एक पट्टी असते : उच्चार, शब्दफेक, शेवटच्या रांगेपर्यंत पोहोचणारा आवाज. सेरेब्रल पाल्सी असलेल्या अभिनेत्रीचे उच्चार या पट्टीने मोजले तर तिला गुण कमी पडतील, आणि तेच उच्चार हुबेहूब उचलणाऱ्या धडधाकट अभिनेत्रीला जास्त पडतील. म्हणजे नक्कल पहिली आणि अस्सल उत्तेजनार्थ. दयेने गुण वाढवावेत तर तो अबोली यांच्यासारख्या कलाकाराचा अपमान आहे. मग परीक्षकाने करायचे काय?

दुसरे असे की हौशी मंडळांच्या तालमी नोकरीधंदा आटोपल्यावर, रात्री नऊच्या पुढे सुरू होतात. त्या वेळी आतल्या गावांत बस नसते. स्कूटरच्या मागच्या सीटवर ज्याला बसता येत नाही त्याने घरी कसे जायचे, हा प्रश्न रॅम्पने सुटत नाही.

खुणांची भाषा (पर्वरी)

मी कर्णबधिर मुलांना शिकवते. वाचिक अभिनयाच्या गुणांचा प्रश्न आमच्या मुलांबाबत आणखी टोकाला जातो, कारण त्यांची भाषा हातांची आणि चेहऱ्याची आहे. मार्ली मॅटलिन या कर्णबधिर अभिनेत्रीला १९८७ साली, वयाच्या एकविसाव्या वर्षी, सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचे ऑस्कर मिळाले ते खुणांच्या भाषेतल्या भूमिकेसाठीच. पुढे 'कोडा' या चित्रपटात तिच्या नवऱ्याच्या भूमिकेसाठी ऐकू येणारा नट घ्यायचे चालले होते, तेव्हा तसे झाल्यास आपण चित्रपट सोडू, असे तिने बजावले. ती भूमिका ट्रॉय कोत्सूर या कर्णबधिर नटाकडे गेली आणि २०२२ साली त्याला ऑस्कर मिळाले. नाव असलेल्या कलाकाराने असा हट्ट धरला तर फरक पडतो. आपल्याकडच्या नामवंत दिग्दर्शकांनी एकदा तरी तो धरावा.

परीक्षणाविषयी एवढेच सुचवते की, अर्थ पोहोचला की नाही आणि तो नेमक्या क्षणी पोहोचला की नाही, हे पाहावे. नृत्याचे परीक्षण करताना आपण शब्द मोजत नाही.

तिसरी घंटा (फोंडा)

सर्वांचे आभार. मंडळाच्या बैठकीत ही चर्चा वाचून दाखवली. धाकट्या बहिणीच्या भूमिकेची जाहिरात वेगळी काढायची, तिच्यात तालमीच्या जागेला तीन पायऱ्या असून त्यांवर लाकडी उतरण बसवली जाईल हे लिहायचे, आणि तालमी शनिवार-रविवारी दुपारी ठेवायच्या, एवढे ठरले आहे. जाण्यायेण्याच्या गाडीचा खर्च नेपथ्याच्या खर्चाप्रमाणेच नाटकाच्या अंदाजपत्रकात धरला आहे. त्यासाठी दुसऱ्या अंकातला फिरता जिना रद्द झाला, त्यामुळे नेपथ्यकार रुसले आहेत. ज्येष्ठ सभासदांचे मत बदललेले नाही. पारितोषिक हुकले तर ते मला ऐकवतील, आणि त्यांनी ऐकवावे.

अबोलीताई, तुम्ही वाचनाला याल का? त्याच नाटकात एक वकीलही आहे. तिच्या विकलांगतेचा संहितेत कोठेही उल्लेख नाही, पण तिने खुर्चीवर बसून युक्तिवाद केला तर कथेला काहीही धक्का लागत नाही. दोन्हींपैकी कोणती भूमिका पाहायची ते तुम्ही सांगा.

अबोली (मडगाव)

येते. वकिलाची भूमिका आधी वाचेन. बहिणीसाठी माझ्या ओळखीच्या दोघी जणी आहेत, त्यांनाही बोलवा, म्हणजे निवड करताना तुम्हाला खरोखरच निवडता येईल. संहिता आधी पाठवा, कारण बहीण तिसऱ्या अंकात मरते की काय ते मला पाहायचे आहे. मरत असेल तर लेखकाशी बोलावे लागेल.